देवीचे डोळे उघडेपर्यंत

धारूर. फाल्गुन वद्य २, शुक्रवार

बरेच दिवस वहीला हात लावला नाही. विहिरी आटल्या, बाजार पडला, पोरे उपाशीपोटी शाळेत येतात, हे रोज रोज काय लिहायचे? आज मात्र लिहिण्यासारखे घडले.

सरकारी शाळेला जुम्म्याची, शुक्रवारची सुट्टी म्हणून उशिरा उठलो. गाव कसे निवांत होते. अंगणात बाजेवर लोळत होतो, तोच पिंपळवाडीचे विठ्ठलराव पाटील दारात उभे. मला वाटले, नातवाला शाळेत घालायला आले असतील, म्हणून घाईने टोपी शोधली. पाटलांनी माझ्याकडे नीट पाहिलेही नाही. "लिंबा कुठं हाय?" म्हणाले.

लिंबा माझा धाकटा भाऊ. आम्ही जिनगर. खोगिरे शिवायची आणि देवादिकांची चित्रे काढायची, ही दोन्ही कामे आमच्या घरात पिढ्यान्पिढ्या चालत आलेली. मी उर्दू-फारसी शिकून सरकारी शाळेत मास्तर झालो आणि वडिलांचे कुंचले लिंबाकडे गेले. गेले ते बरेच झाले. मी काढलेल्या गणपतीला वडील "बैल बरा उतरलाय" म्हणायचे.

पाटलांनी काम सांगितले. वाडीच्या देवळात मागच्या भिंतीवर देवीआईचे चित्र हवे, माणसाएवढे उंच. चैत्रातल्या अष्टमीला डोळे उघडले पाहिजेत. "पावसानं लई छळलं बाबा. आई डोळे उघडून बघंल, तर कायतरी व्हईल."

लिंबा बाहेर आला. त्याच्या तोंडाला कधी कुलूप नसते. "काढतो की पाटील. आसं काढतो की तुमी जोडे शिवंच्या भाईरच काढून येताल."

आतून आमच्या आईचा आवाज आला. "काढंल. पर मुक्यानं काढंल."

लिंबाचे तोंड उतरले. पाटीलही खाली बघू लागले.

आमच्या घराण्याची रीत अशी की देवीचा चेहरा आखल्यापासून तिचे डोळे उघडेपर्यंत चित्रकाराने एकभुक्त राहायचे आणि तोंडातून शब्द काढायचा नाही. डोळे रेखून दिले की मौन सुटते. वडिलांनी हे आयुष्यभर पाळले. लिंबाने मानमोडीच्या साली केजच्या बाजूला एका गावात देवी काढली. डोळे रेखत असताना शेळीचे करडू आत शिरले आणि वाटीतला रंग चाटू लागले. त्याचे निळे थोबाड बघून हा खदाखदा हसला आणि काहीतरी बोललासुद्धा. पुढे पंधरवड्यात मानमोडीच्या तापाची साथ आली. त्या गावात सरणाला लाकूड पुरेना. आमच्या घरातली गीता गेली, लिंबाची बायको. हळदीचे अंग होते तिचे. तिरडी बांधत असताना आई लिंबाला म्हणाली, "तुज्या जिभेनं माजी सून खाल्ली."

तेव्हापासून त्याने देवी काढलेली नव्हती. कल्हईवाल्या खाजामियाँचा ताजिया रंगवतो, बैलगाड्या रंगवतो, देवीचे काम आले की दुखणे काढतो. आज मात्र म्हणाला, "मुक्यानं काढतो."


फाल्गुन वद्य ५, सोमवार

शाळेत बसले की दुष्काळी कामावरचा ठकठक आवाज दिवसभर ऐकू येतो. घाटाच्या रस्त्यासाठी सरकारने माळापलीकडे खडी फोडायला लावली आहे. शेकडो माणसे हातोडे चालवतात. पोरे त्या ठेक्यावर पाढे म्हणतात. सुरुवातीला डोके उठायचे, आता तो आवाज कानाला कळतही नाही.

संध्याकाळी लिंबा डिंक भिजवत बसला होता. एकाएकी म्हणाला, "दादा, तू शिकलेला हायस. खरं सांग. माज्या हसन्यानं गेली का गीता?"

मी मुलांना शिकवतो की रोगराई घाणीतून पसरते, पाणी उकळून प्यावे. सरकारी पुस्तकात तसा धडा आहे. त्याला मी म्हणालो, "अरे, रीत पाळायला आपलं काय जातंय?"

तो हसला. "म्हंजे तुला बी तसंच वाटतंय."

मी काही बोललो नाही. आई पलीकडे जात्याशी बसली होती. घरात वाद नको. आणि खरे सांगायचे तर मला नक्की काय वाटते हे माझे मलाच ठाऊक नाही.


फाल्गुन वद्य ८, गुरुवार

आज चेहरा आखला. आजपासून लिंबा मुका.

घर सुने वाटते. सुभद्रा म्हणाली, "भावजी बोलत व्हते तवा कटकट वाटायची, आता भाकरी थापताना हात चालंना." माझी बायको सहसा कुणाचे कौतुक करीत नाही.

पण गप्प बसला म्हणून त्याचे बोलणे थांबले आहे थोडेच? कोळशाचा तुकडा कंबरेला बांधून हिंडतो. भूक लागली की जमिनीवर भाकरी काढतो. दुपारी खाजामियाँ भांड्यांना कल्हई लावायला आले, तर त्यांच्या दाढीसकट एक बोकड काढून दाखवला. खाजामियाँ त्याच्या मागे भाता घेऊन धावले. "बोल बे! एक दफा बोल, मंग बघतो तुला!" लिंबा तोंडावर हात दाबून पळत होता. हसूसुद्धा दाबून धरले होते त्याने. आईने ते पाहिले आणि समाधानाने मान हलवली.


फाल्गुन वद्य ९, शुक्रवार

सुट्टी होती म्हणून घाट उतरून वाडीला गेलो.

देऊळ लहान, आत अंधार. डोळ्यांना सवय झाली आणि मी जागच्या जागी थांबलो. वडिलांच्या देव्या रागावलेल्या असायच्या. ही तशी नाही. कुणाची तरी वाट बघत उंबऱ्यात उभी राहावी तशी उभी आहे. डोळ्यांच्या जागा मात्र कोऱ्या. मी म्हणालो, "लिंबा, हे बाबांना जमलं नसतं." त्याने माझ्या पायाला हात लावला. इतकी वर्षे त्याला शाबासकी द्यायचे माझ्याकडून राहूनच गेले होते.

मग त्याने रंगाची शिंपली उलटी करून दाखवली. लाल माती संपली. आमच्या घरात देवीच्या डोळ्यांच्या कोपऱ्यांत भरायला एकच लाल रंग चालतो. डोंगरात काळ्या दगडाच्या दोन थरांमध्ये लाल मातीचा पट्टा असतो, तिथली माती. वडील ती खिंडीतून आणायचे. रस्त्याच्या कामात ती जागा बुजून गेली. मी म्हणालो, "बाजारातला गेरू लाव. कोणाला कळतंय?"

त्याने देवीकडे बोट दाखवले.


फाल्गुन वद्य १४, गुरुवार

सकाळी लिंबा खुरपे, झोळी आणि पाण्याचा भोपळा घेऊन निघाला. मी शाळेच्या गडबडीत होतो. त्याने उंबऱ्यावर कोळशाने एक डोंगर काढला आणि त्यामागे अर्धा बुडालेला सूर्य. दिवस मावळेपर्यंत येतो, असे. मी "बरं बरं" म्हणालो आणि त्याच्यावरूनच ओलांडून गेलो.

दिवस मावळला. आला नाही. वाडीला माणूस पाठवला, तिकडेही नाही. सुभद्रा उंबरा झाडायला गेली तर आई तिच्या अंगावर ओरडली. डोंगर तसाच ठेवला आहे.


फाल्गुन अमावास्या, शुक्रवार

दिवसभर शोधले. सुट्टी होती हे एक बरे झाले.

खाजामियाँ चार माणसे घेऊन किल्ल्याच्या अंगाला गेले. मी पाटलांच्या वाडीची माणसे घेऊन माळावर. हा माळ मी रोज लांबून बघतो, पण त्यात शिरलो तेव्हा त्याचा पसारा कळला. गवताची काडी नाही. बाभळी वाळून करकरीत झाल्या आहेत. भेगांत पाय जातो. कोस कोस चालावे तरी पुढे तेच दगड आणि तेच आभाळ. घळी इतक्या की एकीत उतरून वर यावे तर दुसरी पुढे. आधी खिंडीत गेलो, तिथे राडारोड्याशिवाय काही नव्हते. मग पश्चिमेकडचा सगळा माळ पालथा घातला.

डफडे वाजवले. घसा बसेपर्यंत हाका मारल्या. "लिंबाऽऽ! ओ दे रेऽऽ!" हाक मारायची, थांबायचे, कान द्यायचा. पाटलांचा गडी म्हणाला, "मास्तर, ओ येत न्हाई म्हंजे हितं न्हाई. पुढं चला." तसे करत पुढे पुढे गेलो.

भर दुपारी एका बाभळीखाली टेकलो. वारा पडला होता. लांबून, खडीच्या अंगाने, ठक ठक येत होते. आज ठोके विरळ होते, मध्येच बंद पडत आणि पुन्हा सुरू होत. उपाशी माणसांचे हात तरी किती चालणार, असे मनात आले आणि त्या बिचाऱ्यांची कीव आली. एक जण म्हणाला, तिकडे बघायचे का? मी म्हणालो, तिकडे शेकडो माणसांचा राबता आहे, तिकडे कोण कशाला हरवेल? हरवणारा हरवतो तो ओसाडीत. सगळ्यांना ते पटले. आम्ही उलट्या दिशेला गेलो.

अंधार पडल्यावर परतलो. आईने विचारले नाही, नुसते माझ्या मागे कोणी आहे का ते पाहिले.


चैत्र शुद्ध १, शनिवार

पाडवा. गुढी उभारली नाही.

शाळेतून आल्यावर पुन्हा हिंडलो, चार ठिकाणी विचारले. खडीच्या मुकादमाकडेही माणूस पाठवला होता. तो म्हणाला, इतक्या धुळीत कोण आला, कोण गेला, काय सांगू?

गावाला बोलायला विषय मिळाला. कोणी म्हणतो, तमाशाच्या फडाबरोबर गेला, त्यांना पडदे रंगवायला माणूस हवा होता. कोणी म्हणतो, हैदराबादला पळाला, तिकडे नवाबांच्या हवेल्यांत चित्रकारांना मान आहे. ऐकून आधी राग आला. नंतर मीच मनाशी म्हणू लागलो, गेला असेल, खरेच गेला असेल. असेल तिथे पोटभर जेवत असेल. सहा महिन्यांनी रेशमी रुमाल बांधून येईल आणि मी त्याच्या श्रीमुखात भडकावीन.


चैत्र शुद्ध २, रविवार

आज बिरू धनगर घरी आला. काल दिवस मावळताना तो खडीच्या पलीकडच्या घळींवरून मेंढरे घेऊन येत होता. खडीचे काम नुकतेच सुटले होते. खालून हाक आली म्हणतो.

"आगदी मानसावानी. 'दादा, ये दादा!' लई कळवळून. पुन्यांदा आली तवा मी मेंढरं सोडून पळालो मास्तर. अवसेच्या दुसऱ्या दिशी, कातरवेळी! चकवा हाय त्यो. ओ दिली की ओढून नेतो."

मी विचारले, "नाव घेतलं का कुणाचं?"

"न्हाई. निस्तं दादा दादा."

मी उठून टोपी घेतली. पण आई शांतपणे म्हणाली, "त्यो लिंबा न्हाई. लिंबानं तोंड उगडलं नसतं. डोळे दिल्याबिगर न्हाईच. एक डाव पोळलाय त्यो."

ते खरेच आहे. मानमोडीपासून माझा भाऊ कसा झुरला ते मी पाहिले आहे. खाजामियाँ भाता घेऊन मागे धावले तरी ज्याने हसू गिळले, तो माळावर मोठ्याने हाका मारील? आणि आम्ही एवढे ओरडत होतो तेव्हा गप्प राहून, दुसऱ्या दिवशी, कोणी नसताना? याला काही अर्थच नाही. दोन आणि दोन चार करायला मी पोरांना शिकवतो. जो बोलतो आहे तो लिंबा नव्हे.

सुभद्रा भांडी घासता घासता म्हणाली, "पर जाऊन बघायला काय जातंय?"

मी तिला म्हणालो, तुला रीतभात कळत नाही. उद्या तपासनीस शाळा बघायला येणार आहेत, हजेरीपटाचे काम करून झोपतो. खरे तर बिरूचे ऐकून थोडे हलकेच वाटले. निदान तो तरी लिंबा नव्हता.


चैत्र शुद्ध ६, बुधवार

आई रोज त्याचे ताट वाढते. तिचा हिशेब सरळ आहे. अष्टमीला डोळे द्यायचे आहेत, अष्टमीला लिंबा येणार. "माती गावली नसंल मनासारकी. हिंडत आसंल. बापावानीच हेकट हाय."

पाटील येऊन गेले. माजलगावकडचा एक रंगारी आहे, त्याला बोलवू का म्हणाले. आई म्हणाली, "आष्टमीपोतर थांबा पाटील." पाटील थांबले.

मी मात्र आता थांबू शकत नाही. शाळेत पोरे पाढे म्हणतात आणि मी खिडकीतून माळाकडे बघतो. शुक्रवारी एकटाच जाणार आहे.


चैत्र शुद्ध ८, शुक्रवार

लिहायला बसलो आहे, कारण लिहिले नाही तर डोके फुटेल.

सकाळी निघालो तर खाजामियाँ वाटेत उभे. "अकेले कां जाते मास्तर? चला." दोघे माळावर गेलो. ऊन चढले. गेल्या खेपेला बसलो होतो त्याच बाभळीखाली बसलो. वारा पडला होता.

काहीतरी चुकल्यासारखे वाटत होते. खूप वेळ कळेना. मग कळले, आवाज नव्हता. माळ चिडीचूप होता.

मी म्हणालो, "खाजामियाँ, आज खडीचं काम बंद आहे का?"

ते माझ्याकडे बघतच राहिले. "जुम्मा है ना आज. सरकारी काम जुम्म्याला बंद अस्तंय. तुमची शाळा बंद, तसं ते बी."

मी उठलो. "गेल्या जुम्म्यालाही बंद होतं?"

"हौ. दर जुम्म्याला."

इतकी वर्षे सरकारी नोकरी केली. दर शुक्रवारी उशिरापर्यंत लोळलो. वाडीच्या माणसांना शुक्रवार काय आणि शनिवार काय, सारखाच. त्या टोळीत जुम्म्याची सुट्टी ठाऊक असलेला मी एकटा होतो, आणि ती सुट्टी होती म्हणूनच मी तिथे होतो. तो आवाज मी या कानांनी ऐकला. त्याची कीव केली. आणि माणसांना उलट्या दिशेला नेले.

ओ देता येत नव्हती म्हणून तो दगड वाजवत होता. आमची प्रत्येक हाक त्याला ऐकू येत होती.

धावत गेलो. खडीच्या उघड्या खाणीपलीकडे घळ आहे. तिच्या पोटात, वरचा काळा दगड पुढे आलेला, त्याखाली लाल मातीचा पट्टा. बिरूने हाक ऐकली तीच जागा. माती उकरताना वरचा चिरा निसटला होता. लिंबाचे दोन्ही पाय त्याखाली. पाठ भिंतीला टेकलेली, अंग केव्हाच गार पडलेले. भोपळा कोरडा. हाताशी एक गोटा, आणि चिऱ्यावर ठोकून ठोकून पडलेला पांढरा डाग.

त्याच्या शेजारी, बसल्या जागी हात पोहोचेल तिथे, काळ्या दगडावर बोटाने काढलेले दोन डोळे होते. कडा नीट वळवलेल्या, कोपऱ्यांत लाली भरलेली. डोळ्यांखेरीज काही नाही, चेहरा नाही, मुकुट नाही.

खाजामियाँनी विचारले, "ये क्या बनाया रे पोरा?"

मला लगेच कळले. जिनगराच्या पोटी जन्मलेल्याला ते कळायला वेळ लागत नाही. आम्ही आलो, हाका मारल्या आणि निघून गेलो. दगडाचा आवाज पोहोचत नाही हे त्याला समजले. तोंडाने हाक मारायला हवी होती आणि मौन मोडायचे नव्हते. म्हणून त्याने रीत तिथेच पुरी केली. आधी देवीचे डोळे उघडले. मग मला हाक मारली.

त्या वेळी मी गावात, तो हैदराबादला कोणते जेवण जेवत असेल याचा विचार करीत होतो. दुसऱ्या दिवशी ती हाक बिरूने माझ्या दारापर्यंत आणून पोचवली. आणि मी हजेरीपट लिहायला बसलो.

घरी आणले. आईने त्याच्या तोंडावरची धूळ पदराने पुसली. मग मला विचारले, "बोलला का त्यो?"

"बोलला, आई. डोळे देऊन मग बोलला."

"कुनाला?"

"मला," मी म्हणालो.

आईने डोके जमिनीवर आपटले. सुभद्रेने तिला धरले. मला कोणी धरले नाही, आणि ते योग्यच झाले.


चैत्र वद्य १, शनिवार

मुले विचारतात, मास्तर, पाढे कावून म्हणवून घेत नाही? सोमवारपासून म्हणायचे म्हणतो आणि सोमवारी पुन्हा तेच. हातोडे दिवसभर चालू असतात. आता प्रत्येक ठोका ऐकू येतो.

आई कुणाशी बोलत नाही. काल सुभद्रा तिचे केस विंचरत होती, तेव्हा एकदम म्हणाली, "मीच त्याला मुका केला गं." सुभद्रा म्हणाली, "न्हाई आत्याबाई." मी दाराआड उभा होतो. त्याने मला विचारले होते, खरे सांग म्हणाला होता. "नाही रे, तुझ्या हसण्याने कोणी मरत नाही" एवढे एक वाक्य बोलायचे होते. मौन त्याने नंतर धरले. मी त्याच्या आधीच धरले होते.


चैत्र वद्य ७, शुक्रवार

तेरावा उरकला. काल पाटील आले आणि दारातच उभे राहिले. "मास्तर, दुसऱ्या कुनाचा हात त्या भिंतीला लावू वाटंना. तुमी द्या डोळे."

मी म्हणालो, माझ्या हातचा गणपतीसुद्धा बैलासारखा होतो. पाटील म्हणाले, "आसू द्या."

आज घाट उतरून गेलो. आई आणि सुभद्रा बरोबर होत्या. खाजामियाँ बाहेर कडुनिंबाच्या सावलीत बसले. वाडीतली सगळी माणसे दाटीवाटीने उभी होती. बाहेर सगळे शांत होते, शुक्रवार ना. लिंबाच्या झोळीतली लाल माती मी डिंकात कालवली. ती भरपूर होती. एवढी कशाला खणलीस रे वेड्या, एका देवीला चिमूटभर लागते.

ते मी मनात म्हटले नव्हते. मोठ्याने म्हटले होते. मागून कोणीतरी कुजबुजले, "मास्तर, गप ऱ्हावा. डोळे देताना बोलू नये."

मी कुंचला टेकवला आणि बोलतच राहिलो. तोंड आवरत नव्हते आणि आवरायचेही नव्हते. "लिंबा, ए लिंबा," म्हणालो, "इथून वळवू का? दगडावर तू असंच वळवलं होतंस ना? ओ दे रे. मी आलोय. उशीर झाला, पण आलोय. तुझ्या हसण्यानं कोणी गेलं नाही, बाळा. गीता तापानं गेली. तू हसलास म्हणून नाही. ऐकतोस का?" देवळात माझ्या एकट्याचा आवाज घुमत होता. पुजारी पुढे आला. आईने त्याचा हात धरला.

"बोलू द्या त्याला," आई म्हणाली.

कोपऱ्यांत लाली भरली आणि मागे सरलो. डावा डोळा उजव्यापेक्षा चांगलाच मोठा झाला होता. देवी एका डोळ्याने आश्चर्य करीत असल्यासारखी दिसत होती. इतक्या सुंदर चित्राची मी पार वाट लावली. पाटीलसुद्धा खाली बघू लागले.

आई पुढे आली. बराच वेळ त्या डोळ्यांकडे बघत राहिली. म्हणाली, "लिंबा आसता तर लई हासला आसता."

आणि तिथेच, देवीसमोर, ती स्वतःच हसायला लागली. डोळ्यांतून धारा लागल्या होत्या आणि ती हसत होती, मोठ्याने, तोंडावर हातही न ठेवता.